८ मार्च आणि ‘तूर्त थांबा’

(आंतरराष्ट्रीय महिला दिनानिमित्त घेतलेल्या अभ्यासवर्गात दिलेल्या व्याख्यानाचा मजकूर)



मी वक्ता नाही. पक्षाच्या कचेरीत भाषांतराचे काम करणारी मी एक कार्यकर्ती आहे. केंद्राकडून येणारे ठराव, परिपत्रके, आवाहने मराठीत आणणे हे माझे रोजचे काम. दरवर्षी फेब्रुवारीच्या मध्यावर महिला दिनाचे पत्रक माझ्या टेबलावर येते. त्यातल्या मागण्या वर्षागणिक बदलतात; पहिले वाक्य मात्र सहसा बदलत नाही. ८ मार्च १८५७ रोजी न्यूयॉर्कच्या कापड कामगार स्त्रिया कामाचे तास कमी करावेत म्हणून रस्त्यावर उतरल्या, पोलिसांनी त्यांच्यावर हल्ला चढविला, आणि त्या लढ्याच्या स्मरणार्थ हा दिवस पाळला जातो, असे ते वाक्य. आठ वर्षे मी ते इमानेइतबारे मराठीत आणले. एका वर्षी तर ‘रक्तरंजित’ हे विशेषण पदरचे घातले.

साथींनो, त्या वाक्याला आधार नाही. संशोधकांनी त्या काळची अमेरिकन वृत्तपत्रे आणि कामगार चळवळीची कागदपत्रे धुंडाळली. अशा मोर्चाचा मागमूस त्यांना लागला नाही. लिलियान कांडेल आणि फ्रांस्वाज पिक या दोन फ्रेंच अभ्यासक स्त्रियांनी १९८० च्या दशकाच्या आरंभी या कथेचा माग काढला, तेव्हा ती १९५५ च्या सुमारास फ्रान्समधील कम्युनिस्ट वर्तुळातल्या पत्रांतून प्रथम पुढे आली असे दिसून आले. म्हणजे तथाकथित घटनेनंतर जवळजवळ शंभर वर्षांनी! शीतयुद्धाच्या त्या काळात या दिवसाला रशियाहून जुना आणि पक्षांच्या पलीकडचा असा एखादा उगम असावा, असे कोणाला तरी वाटले असावे, हा त्यांचा तर्क.

यात एवढे काय बिघडले, असे कोणी विचारील. न्यूयॉर्कच्या कामगार स्त्रियांनी त्या विशिष्ट दिवशी नाही तरी पुढे अनेकदा लाठ्या खाल्ल्याच की! ते खरे आहे. पण ही कथा नुसती चुकीची नाही, ती सोयीची आहे. तिच्यात एका बाजूला जुलमी मालक आणि पोलीस, दुसऱ्या बाजूला शूर स्त्रिया, आणि आपण अर्थातच स्त्रियांच्या बाजूला. खऱ्या इतिहासात आपली जागा इतकी ऐसपैस नाही. हा दिवस ज्या झगड्यातून जन्मला तो जसा भांडवलशाहीशी होता, तसाच तो समाजवादी चळवळीच्या आतही होता. आतला तो झगडा एका सल्ल्याभोवती फिरत होता. तो सल्ला म्हणजे ‘तूर्त थांबा’. आज मला या सल्ल्याचा इतिहास सांगायचा आहे.

प्रथम घटनाक्रम थोडक्यात. अमेरिकेच्या समाजवादी पक्षाने २८ फेब्रुवारी १९०९ रोजी, महिन्यातल्या शेवटच्या रविवारी, देशभर ‘स्त्री दिन’ पाळला. मागणी होती मताधिकाराची. त्याच वर्षी नोव्हेंबरात न्यूयॉर्कच्या शिलाई कारखान्यांतील वीस हजारांवर कामगारांनी, त्यांतल्या बहुसंख्य स्थलांतरित ज्यू आणि इटालियन मुलींनी, संप पुकारला. त्याची हाक देणारी क्लारा लेमलिक तेव्हा अवघी २३ वर्षांची होती. ऑगस्ट १९१० मध्ये कोपनहेगन येथे समाजवादी स्त्रियांची दुसरी आंतरराष्ट्रीय परिषद भरली. १७ देशांतून शंभरावर प्रतिनिधी आल्या होत्या. लुइझे झीट्झ यांनी दरवर्षी महिला दिन पाळण्याची सूचना मांडली आणि क्लारा झेट्किन यांनी तिला पाठिंबा दिला. तारीख ठरली नाही. पहिला आंतरराष्ट्रीय महिला दिन झाला तो १९ मार्च १९११ रोजी, बर्लिनच्या १८४८ च्या मार्च क्रांतीची आठवण म्हणून. जर्मनी, ऑस्ट्रिया, डेन्मार्क आणि स्वित्झर्लंड मिळून दहा लाखांवर स्त्रीपुरुषांनी त्यात भाग घेतला. त्यानंतर सहाच दिवसांनी न्यूयॉर्कमध्ये ट्रँगल कंपनीच्या कारखान्याला आग लागून १४६ कामगार मेले. बहुतेक तरुण मुली होत्या, आणि बाहेर पडण्याचे एक दार कुलूपबंद होते. ही आगही आपल्या पत्रकांतून कधी कधी महिला दिनाचे कारण म्हणून अवतरते. ती कारण नव्हे.

आता मूळ मुद्द्याकडे येऊ. क्रांतीची भाषा बोलणाऱ्या या स्त्रियांनी मताधिकारासारखी मागणी अग्रभागी का ठेवली? याचे उत्तर जर्मनीच्या परिस्थितीत आहे. प्रशियाच्या १८५० च्या कायद्याने स्त्रिया, शाळकरी मुले आणि शिकाऊ उमेदवार यांना राजकीय संघटनांचे सभासद होण्यास मनाई होती. ही मनाई १९०८ पर्यंत टिकली. स्त्रीने राजकीय सभेला हजर राहावे आणि तेवढ्यावरून पोलीस अधिकाऱ्याने ती सभा उधळावी, असे प्रकार घडत. समाजवादी स्त्रियांनी यावर तोड काढली. संघटना बेकायदा, पण एकटी व्यक्ती बेकायदा नाही; म्हणून गावोगावी एकेक ‘विश्वासू व्यक्ती’ नेमली गेली. वर्गणी तिच्याकडे, पत्रव्यवहार तिच्याकडे, सभेचे निमंत्रण तिच्या नावाने. शिवणयंत्रावर वर्षानुवर्षे राबलेल्या ओटिली बाडर या कामगार स्त्रीकडे १९०० पासून या साऱ्या जाळ्याचे केंद्र आले. झेट्किन यांनी संपादिलेले ‘समता’ हे पत्र या स्त्रियांना जोडणारा धागा होता. महायुद्ध सुरू झाले त्या वर्षी पत्राचा खप सव्वा लाखाच्या घरात होता आणि पक्षातील स्त्रियांची संख्या पावणेदोन लाखांच्या आसपास पोहोचली होती. भूमिगत कामाचा अनुभव असलेल्या साथींना या आकड्यांचे मोल वेगळे सांगायला नको.

वरच्या वर्गातील स्त्रियांची चळवळ तेव्हा जर्मनीत होतीच. मग झेट्किन तिच्यापासून फटकून का राहिल्या? आपल्या साहित्यात याचे उत्तर तत्त्वाच्या भाषेत दिलेले असते, आणि ते योग्यही आहे. पण एक साधी गोष्ट त्यात सुटते. १८९४ मध्ये जर्मन महिला संस्थांचा महासंघ स्थापन झाला तेव्हा समाजवादी स्त्रियांच्या संघटनांना त्यानेच दाराबाहेर ठेवले, आणि सबब दिली ती याच मनाई कायद्याची. पहिले दार तिकडून लागले. झेट्किन यांनी इकडून कडी घातली.

१९०७ चा ऑगस्ट. श्टुटगार्ट शहरात आंतरराष्ट्रीय समाजवादी काँग्रेस भरली होती. याच काँग्रेसमध्ये मुंबईच्या पारशी कुटुंबात जन्मलेल्या मादाम भिकाजी कामा यांनी हिंदी स्वातंत्र्याचा झेंडा फडकविला, हे आपणा सर्वांना शालेय पुस्तकांतून ठाऊक आहे. त्याच आठवड्यात, त्याच शहरात समाजवादी स्त्रियांची पहिली आंतरराष्ट्रीय परिषद झाली, हे मात्र शालेय पुस्तके सांगत नाहीत. पंधरा देशांच्या ५८ प्रतिनिधी तेथे जमल्या होत्या, आणि तेथे जो वाद झाला तो मला आपल्या चळवळीतल्या सर्वांत महत्त्वाच्या वादांपैकी एक वाटतो.

वादाचे कारण होते ऑस्ट्रिया. १९०५ च्या रशियन क्रांतीच्या लाटेत व्हिएन्नाच्या कामगारांनी प्रचंड निदर्शने केली आणि सार्वत्रिक मताधिकाराची लढाई ऐन भरात आली. पक्षाच्या नेतृत्वाने हिशेब केला : पुरुषांचा मताधिकार आवाक्यात आहे, स्त्रियांचाही मागितला तर दोन्ही हातचे जातील. ऑस्ट्रियाच्या समाजवादी स्त्रियांनी वर्गहिताचा विचार करून आपली मागणी तूर्त मागे ठेवली. पुरुषांना मताधिकार मिळाला, आणि १९०७ च्या निवडणुकीत पक्षाला मोठे यश आले. श्टुटगार्टला झेट्किन यांनी याच धोरणावर टीका केली. त्यांचे म्हणणे असे की, मागणी आज मिळेल की नाही हा संसदेतल्या बळाबळाचा प्रश्न आहे. पण मागणी करायचीच नाही असे ठरविले की आपण स्वतःच तत्त्वाला मुरड घालतो आणि अर्ध्या वर्गाला लढ्याबाहेर उभे करतो. ऑस्ट्रियन प्रतिनिधींनी आपल्या धोरणाचा बचाव केला. तो बचाव पोकळ नव्हता. ज्यांनी संप चालविले आहेत, त्यांना ठाऊक आहे की कधी कधी दहा मागण्यांपैकी चार पदरात घेऊन उठावे लागते.

पण त्याच लाटेतले दुसरे उदाहरण पाहा. फिनलंड तेव्हा झारच्याच साम्राज्यात होते. १९०५ च्या सार्वत्रिक संपानंतर तेथील समाजवाद्यांनी स्त्री आणि पुरुष अशी फोड केली नाही. १९०६ मध्ये युरोपात प्रथमच स्त्रियांना मताचा आणि निवडणुकीला उभे राहण्याचा हक्क मिळाला. १९०७ च्या निवडणुकीत १९ स्त्रिया निवडून आल्या, त्यांपैकी ९ समाजवादी. त्यांच्यात मीना सिलान्पा होत्या. बाराव्या वर्षी कारखान्यात गेलेली, पुढे मोलकरीण म्हणून राबलेली आणि मोलकरणींची संघटना बांधणारी ही स्त्री संसदेत बसली, आणि १९२६ मध्ये मंत्री झाली. ऑस्ट्रियाच्या स्त्रियांना मत मिळाले ते १९१८ मध्ये, साम्राज्य कोसळल्यावर. मधली बारा वर्षे त्यांना राजकीय संघटनेचे सभासद होण्याचाही हक्क नव्हता.

या तुलनेत एक काळजी घ्यायला हवी. फिनलंडची जुनी सभा सरदार, पाद्री, नागरिक आणि शेतकरी अशा चार वर्गांची होती. तेथे बहुसंख्य कामगार पुरुषांनाही मत नव्हते. ज्याच्याकडे गमावण्यासारखे काही नसते, त्याला बरोबरीने मागणे सोपे जाते. तेवढी सूट ऑस्ट्रियनांना दिलीच पाहिजे. तरीही ‘दोन्ही हातचे जाईल’ हे भाकीत नियम नव्हते, एवढे फिनलंडने दाखवून दिले.

श्टुटगार्टचा दुसरा वाद इंग्लंडविषयी होता. तेथील मताधिकारवादी स्त्रियांची मागणी होती की, ज्या अटींवर पुरुषांना मत आहे त्याच अटींवर स्त्रियांना द्या. ऐकायला समतेची, पण त्या अटी घरदार आणि मालमत्तेच्या होत्या. म्हणजे मत मालकिणीला मिळणार, तिच्या मोलकरणीला नाही. झेट्किन यांनी हे स्वच्छ शब्दांत उघडे पाडले, आणि मालमत्ता, कर, शिक्षण यांची कोणतीही अट नसलेला मताधिकार हीच समाजवाद्यांची मागणी असा ठराव झाला. पुढे इंग्लंडमध्ये घडलेही तसेच. १९१८ च्या कायद्याने तिशी ओलांडलेल्या आणि मालमत्तेची अट पुरी करणाऱ्या स्त्रियांनाच मत मिळाले; पुरुषांच्या बरोबरीने ते मिळायला १९२८ उजाडले. ‘पायरीपायरीने जाऊ’ म्हणणारे सर्वस्वी चुकले असे यावरून म्हणता येणार नाही. वरची पायरी आली. दहा वर्षे उशिरा आली, इतकेच. पण त्या दहा वर्षांत खालच्या पायरीवर कोण उभ्या होत्या, हा प्रश्न आपण विचारायला हवा.

हाच खेळ आपल्याकडे खेळला गेला. १९२१ मध्ये मद्रास आणि मुंबई इलाख्यांत स्त्रियांना मत मिळाले, ते मालमत्तेच्या अटीवर. गिरगावातल्या बंगल्याच्या मालकिणीला मत होते, परळच्या चाळीत राहून गिरणीत वाइंडिंग खात्यात उभ्या राहणाऱ्या बाईला नव्हते. १९३५ च्या कायद्याने मतदार पुरुषाची पत्नी म्हणून काही स्त्रियांना मत दिले. म्हणजे मत तिचे, पण पात्रता नवऱ्याची.

आता पेट्रोग्राड. १९१४ मध्ये महायुद्ध सुरू झाले आणि जर्मन पक्षाने युद्धखर्चाला संमती दिली. झेट्किन यांनी मार्च १९१५ मध्ये बर्न येथे युद्धविरोधी समाजवादी स्त्रियांची परिषद घेतली. लढणाऱ्या देशांतले समाजवादी एकत्र येण्याचा तो पहिला प्रसंग होता. पुरुषांची त्झिमरवाल्ड परिषद त्यानंतर सहा महिन्यांनी झाली. झेट्किन यांना अटक झाली, आणि १९१७ मध्ये पक्षाने ‘समता’चे संपादकत्वही त्यांच्याकडून काढून घेतले. रशियात बोल्शेविक स्त्रियांचे ‘राबोत्नित्सा’, म्हणजे ‘कामगार स्त्री’, हे पत्र १९१४ च्या महिला दिनी निघाले, ते बहुतेक संपादिका तुरुंगात असताना.

१९१७ च्या हिवाळ्यात पेट्रोग्राडमध्ये पाव मिळेनासा झाला होता. पुरुष आघाडीवर, स्त्रिया गिरण्यांत; पाळी संपली की गोठवणाऱ्या थंडीत पावाच्या रांगेत. जुन्या रशियन पंचांगाप्रमाणे २३ फेब्रुवारी, म्हणजे नव्या पंचांगाप्रमाणे ८ मार्च, हा महिला दिन होता. व्हिबोर्ग या कामगार वस्तीतल्या बोल्शेविक समितीचे मत असे होते की, परिस्थिती संपासाठी परिपक्व नाही. सैन्याचा भरवसा नाही. महिला दिन सभा आणि पत्रकांवर भागवावा. आदल्या संध्याकाळी स्त्रियांच्या सभेत कायूरोव नावाच्या कामगार कार्यकर्त्याने हेच सांगितले : शिस्त राखा, सुटे सुटे उठाव करू नका, पक्षाच्या सूचनेची वाट पाहा.

दुसऱ्या दिवशी सकाळी कापड गिरण्यांतल्या स्त्रिया काम टाकून बाहेर पडल्या. त्यांचे प्रतिनिधी धातूच्या कारखान्यांत पाठिंबा मागायला आले. काही ठिकाणी त्यांनी कारखान्यांच्या खिडक्यांवर बर्फाचे गोळे मारून पुरुषांना हाका घातल्या. कायूरोवने पुढे आपल्या आठवणींत प्रांजळपणे लिहिले आहे की, ही बातमी ऐकून तो संतापला. कालच समजावून सांगितले, आणि आज हे! पण संप झालाच आहे, आता सर्वांना बाहेर काढण्यावाचून गत्यंतर नाही, असे त्याने आणि त्याच्या सहकाऱ्यांनी ठरविले. त्या दिवशी सुमारे ९० हजार कामगार संपावर होते. सात दिवसांत झारने सिंहासन सोडले.

मॉस्कोत १९२१ मध्ये कम्युनिस्ट स्त्रियांची दुसरी आंतरराष्ट्रीय परिषद झाली. तोपर्यंत निरनिराळ्या देशांत निरनिराळ्या दिवशी पाळला जाणारा महिला दिन यापुढे ८ मार्चला पाळावा, असे तेथे ठरले, आणि कारण म्हणून पेट्रोग्राडच्या स्त्रियांचा हवाला देण्यात आला. हे मला फार विलक्षण वाटते. आपण पाळतो ती तारीख मुळात पक्षसमितीने दिलेला सल्ला न मानण्याची तारीख आहे. आणि ती अधिकृत केली ती पक्षानेच. असे करायला मन मोठे लागते.

क्रांतीने स्त्रियांना काय दिले हे या सभेला सांगावे लागू नये. डिसेंबर १९१७ मध्ये विवाह आणि घटस्फोटाचे फर्मान निघाले, १९१८ मध्ये नवी कुटुंबसंहिता आली, नोव्हेंबर १९२० मध्ये गर्भपात कायदेशीर झाला. असे करणारा तो पहिला देश. १९१९ मध्ये पक्षाचा महिला विभाग स्थापन झाला. इनेसा आर्मां त्याच्या पहिल्या प्रमुख होत्या. त्या १९२० मध्ये पटकीने वारल्या, मग कोलोन्ताय आल्या. मध्य आशियात या विभागाचे काम करताना अनेक स्त्रियांनी प्राण गमावले. पण मताधिकाराचे श्रेय एकट्या बोल्शेविकांना देण्याची आपली सवय तपासायला हवी. क्रांतीनंतर काही आठवड्यांतच ‘स्त्रियांच्या समान हक्कांसाठी लीग’ या बूर्झ्वा म्हणून हिणविल्या गेलेल्या संस्थेने पेट्रोग्राडमध्ये सुमारे ४० हजार स्त्रियांचा मोर्चा काढला. वृद्ध क्रांतिकारक वेरा फिग्नेर त्या मोर्चात होत्या. जुलैत हंगामी सरकारने कायदा केला. इतिहास आपल्या सोयीने कोणाच्याही खात्यात जमा होत नाही.

‘तूर्त थांबा’ क्रांतीनंतरही संपले नाही. झेट्किन यांनी लेनिनशी १९२० मध्ये झालेल्या संभाषणाची हकीकत लिहून ठेवली आहे. आपल्याकडे तिच्यातले निवडक उतारे फिरतात. मी ती पुरी वाचली तेव्हा थबकले. जर्मन कम्युनिस्ट स्त्रिया आपल्या अभ्यासमंडळात विवाह आणि लैंगिक प्रश्नांची चर्चा करतात हे कळल्यावर लेनिन नाराज झाले. क्रांती संकटात असताना हा का वेळ आहे, असा त्यांचा सूर होता. झेट्किन यांनी मान डोलावली नाही. युद्धाने जुने संबंध विस्कटले आहेत, हे प्रश्न स्त्रियांच्या जगण्यातून वर येत आहेत, असे त्यांनी सांगितले. त्याच संभाषणात लेनिन यांनी पुरुष कॉम्रेडांना फैलावर घेतले. घरकामात बायको झिजताना पाहून हे शांत बसतात, असे त्यांचे म्हणणे होते. दोन्ही गोष्टी एकाच माणसाच्या आणि एकाच बैठकीतल्या. पत्रकात आपण दुसरीच तेवढी छापतो.

१९३० मध्ये महिला विभाग बंद करण्यात आला. स्त्रीप्रश्न आता तत्त्वतः सुटला आहे, स्वतंत्र विभागाची गरज नाही, असे कारण दिले गेले. १९३६ मध्ये गर्भपातावर बंदी आली आणि घटस्फोट अवघड झाला; बंदी उठली १९५५ मध्ये. मधल्या काळात किती स्त्रियांनी चोरून सुईणी गाठल्या असतील! साम्राज्यवादी प्रचाराच्या धास्तीने आपण दीर्घकाळ याविषयी बोललो नाही. परंतु ज्या प्रश्नासाठी लढणारी संघटनाच उरत नाही, तो प्रश्न ‘सुटला’ असे जाहीर करणे फार सोपे असते. हा धडा आपल्या शत्रूंनी काढण्याऐवजी आपणच काढलेला बरा.

आपल्या देशाकडे वळताना प्रथम एका पुस्तकाची आठवण काढते. बेबेल यांचे ‘स्त्री आणि समाजवाद’ निघाले १८७९ मध्ये, एंगल्स यांचा कुटुंबसंस्थेवरील ग्रंथ १८८४ मध्ये. या दोहोंच्या मध्ये, १८८२ मध्ये, बुलढाण्याच्या ताराबाई शिंदे यांचे ‘स्त्रीपुरुषतुलना’ प्रसिद्ध झाले. ताराबाईंचा समाजवादाशी संबंध नव्हता. पण विधवेवरचा दोष पुरुषी समाजाच्या दारात नेऊन टाकण्याचे धाडस त्यांनी केले. ते पुस्तक सत्यशोधक मंडळींतल्याही काहींना रुचले नाही, आणि जोतिराव फुले यांना ‘सत्सार’मध्ये ताराबाईंची बाजू घ्यावी लागली. आतला झगडा परदेशातून आयात झालेला नाही, हे यावरून दिसते.

मुंबईच्या गिरण्यांत १९२० च्या दशकात सुमारे पाचवा हिस्सा स्त्रिया होत्या. १९२८-२९ च्या संपांत त्या अग्रभागी होत्या. उषाताई डांगे यांनी त्यांच्यात काम केले. आपल्या आत्मकथनाला त्यांनी ‘पण ऐकतं कोण?’ असे नाव दिले आहे. ते नाव कोणाला उद्देशून आहे हे ज्याने त्याने ठरवावे. १९२९ मध्ये मुंबई इलाख्यात बाळंतपणाच्या भत्त्याचा कायदा झाला. त्याच्या विधेयकाला डॉ. आंबेडकरांनी कायदेमंडळात पाठिंबा दिला होता. मालकांनी त्यावर उपाय शोधला : बाईलाच कामावर ठेवू नका. रॅशनलायझेशनमध्ये आधी गेल्या त्या वाइंडिंग, रीलिंगमधल्या बायका. एका पुरुषाच्या मजुरीत सबंध कुटुंब चालले पाहिजे, ही आपली न्याय्य मागणी होती; पण बाईची मजुरी म्हणजे जोडधंदा, असा अर्थ तिच्या पोटात दडलेला होता, आणि मालकांनी तो बरोबर ओळखला. १९८२ चा मोठा संप झाला तेव्हा गिरण्यांतल्या स्त्रियांचे प्रमाण नगण्य उरले होते. त्या अर्धशतकात किती संप झाले! केवळ बायकांच्या नोकऱ्या वाचविण्यासाठी किती झाले, हे जुन्या साथींनी सांगावे.

प्रौढ मताधिकार संविधानाने १९५० मध्ये दिला. पहिल्या सार्वत्रिक निवडणुकीच्या मतदारयाद्या तयार होत होत्या तेव्हा उत्तर आणि मध्य भारतातल्या लाखो स्त्रियांनी आपले नाव सांगितले नाही. ‘अमक्याची बायको’, ‘तमक्याची आई’ एवढेच सांगितले. नाव नाही तर नोंद नाही, असे निवडणूक आयोगाने ठरविले आणि सुमारे २८ लाख स्त्रिया यादीतून गळल्या. निर्णय कठोर होता, पण मला तो चुकीचा वाटत नाही. पुढच्या निवडणुकीपर्यंत त्यांतल्या पुष्कळजणींनी आपले नाव उच्चारले. मीना सिलान्पा यांच्या चाळीसहून अधिक वर्षांनंतरही आपल्याकडे ही लढाई शिल्लक होती.

१९७२ मध्ये मुंबईत महागाई प्रतिकार संयुक्त महिला समिती उभी राहिली. कॉ. अहिल्या रांगणेकर, कॉ. तारा रेड्डी आणि समाजवादी मृणाल गोरे या तीन वेगळ्या पक्षांच्या स्त्रिया एका व्यासपीठावर आल्या. त्याच काळात त्यांचे पक्ष एकमेकांशी काय भाषेत बोलत होते हे आठवून पाहा! लाटणी आणि थाळ्या घेऊन हजारो गृहिणी रस्त्यावर उतरल्या. तेव्हाही टीका झाली, की तेल-रॉकेल-साखरेच्या मागणीत स्त्रीमुक्ती ती कोणती. पेट्रोग्राडच्या बायकांनीही पावच मागितला होता.

१९७५ हे संयुक्त राष्ट्रांचे महिला वर्ष. त्याच वर्षी २ ऑक्टोबरला एकात्मिक बालविकास योजना सुरू झाली, आणि अंगणवाडी सेविका नावाचा नवा श्रमिक वर्ग जन्माला आला. तिला ‘सेविका’ म्हटले, तिच्या पगाराला ‘मानधन’ म्हटले. भाषांतरकार म्हणून सांगते, मूळ इंग्रजी शब्दापेक्षा आपला मराठी शब्द अधिक लबाड आहे. त्यात मानही आहे आणि धनही आहे, आणि प्रत्यक्षात दोन्ही नाहीत. २००५ नंतर आल्या आशा कार्यकर्त्या. त्या तर ‘स्वयंसेविका’. नागपूर, इंदूर, हैदराबाद, बडोदा, कोठेही जा, आज आपल्या मोर्चांत सर्वांत जास्त संख्येने दिसतात त्या याच. तरी जिल्हा समित्यांच्या बैठकीत हा प्रश्न कार्यक्रमपत्रिकेवर कितव्या क्रमांकावर असतो? ‘इतर विषय’ हा शब्दप्रयोग मी इतक्यांदा टंकलिखित केला आहे की आता बोटे आपोआप चालतात.

राष्ट्रीय पातळीवरही तेच. महिला आरक्षणाचे विधेयक १९९६ मध्ये प्रथम आले. ते तपासणाऱ्या संयुक्त समितीच्या अध्यक्ष कॉ. गीता मुखर्जी होत्या. २०१० मध्ये ते राज्यसभेत मंजूर झाले आणि लोकसभेत अडले. २०२३ मध्ये १०६ वी घटनादुरुस्ती झाली. पण पुढील जनगणना आणि तिच्यावर आधारित मतदारसंघांची फेररचना झाल्याशिवाय ती लागू होणार नाही, अशी अट त्याच कायद्यात घालण्यात आली. व्हिएन्नात निदान तोंडाने सांगितले होते; येथे ‘तूर्त थांबा’ घटनेत छापले गेले.

यंदा पत्रक माझ्याकडे आले तेव्हा १८५७ चे वाक्य मी काढले आणि तेथे पेट्रोग्राड घातले : आदल्या संध्याकाळी संप करू नका असे आपल्याच कार्यकर्त्याने सांगितले होते, तरी स्त्रिया निघाल्या, आणि तो दिवस म्हणजे ८ मार्च. मसुदा गेल्यावर एका जिल्ह्यातून फोन आला. जुने वाक्य लोकांच्या तोंडी बसले होते, ते का काढले? मी कारण सांगितले. साथीने ऐकून घेतले, पटलेही असावे. मग म्हणाला, पेट्रोग्राड राहू दे, पण आपल्याच माणसाने नको म्हटले होते, हे पत्रकात कशाला? चौकात वाटायचे पत्रक आहे. ते अभ्यासवर्गात सांगू.

म्हणून मी ते आज येथे अभ्यासवर्गात सांगितले. पत्रकातले वाक्यही मी काढलेले नाही. पत्रके परवा छापून येतील. गठ्ठा सोडाल तेव्हा पहिला परिच्छेद तेवढा वाचून पाहा.